मंगळवारची जागा

तालुक्याच्या गावी, एसटी स्टँडच्या भिंतीला लागून जेमतेम एक गोणपाट मावेल एवढी ती जागा. साखरशेतच्या चार बायका तिथं वारानं बसत: मंगळवार गोदाचा, बुधवार काळीचा, मग पुष्पाचा, मग रंजनाचा. जिचा वार तिनं चौघींची रानभाजी, करांदे, नाचणीचे पापड, जे हंगामाचं असेल ते जीपमध्ये घालून न्यायचं. बाकीच्या तिघी शेतात राबायच्या. पंधरा वर्षं असंच चाललं होतं, आणि यात कुणाला सांगण्यासारखं काही आहे असं त्यांना वाटलंच नव्हतं.

मग फेरीवाल्यांची मोजणी करायला, मोबाइलवर नोंदी घेत नगरपंचायतीचा माणूस आला. तो मंगळवार होता.

"जागा कुणाची?" त्यानं विचारलं.

गोदानं खरं ते सांगितलं. "माझी नाय. आज माझा वार हाय."

त्यानं पहिलं वाक्य लिहून घेतलं, दुसरं सोडून दिलं आणि खाली तिचा अंगठा घेतला.

तेवढ्यावर उठायची नोटीस आली. त्या भिंतीपुढं पर्यटकांना फोटो काढायला गावाच्या नावाची मोठाली लाल अक्षरं बसवायची होती. चौघी कोर्टात गेल्या. कोर्ट म्हणालं, आधी बाईचं ऐका, मग उठवायचं का ते ठरवा. म्हणून आज नगरपंचायतीच्या कचेरीत सुनावणी.

बाहेरच्या बाकावर त्यांचा वकील दिपेश समजावत होता. "एका जागेला एकच नाव लागतं, गोदाताई. सांगा, जागा माझी, रोज मीच बसते."

"आन् ह्या तिघी?"

"कागदावर नाहीत."

"जित्त्या हायेत की!"

स्टँडच्या भिंतीशी त्यांच्या शेजारीच कुलपं दुरुस्त करणारा अनीस धीर द्यायला आला होता. तो एकटा, रोज बसणारा. त्याचं फेरीवाल्याचं प्रमाणपत्र कधीच झालं होतं. "बोल डाल, गोदाबेन," तो हळूच म्हणाला. "खरं सांगून बघितलंस ना? त्याचंच तर हे झालं."

"सांग ना गं," काळी म्हणाली. "आमी काय रुसनार नाय." आणि ती दुसरीकडे बघायला लागली.

आत साहेबांच्या तोंडात मावा होता. टेबलाखालच्या डब्यात पचकन थुंकून त्यांनी ओठ फायलीच्या फडक्यालाच पुसले. गेल्याच आठवड्यात यांनी पुष्पाशी घासाघीस करून शेवळांची रानभाजी नेली होती, आणि आता "यातली गोदा कोण?" म्हणून विचारत होते.

"हां. जागा कुणाची, बाई?"

"माझी," गोदा म्हणाली. न उकडलेला करांदा चावल्यासारखी जीभ कडू झाली. "रोज मीच बसते. दुसरं कुनी नाय."

वकिलानं शाबासकीची मान हलवली. तिला त्या मानेचीही किळस आली.

प्रमाणपत्र मिळालं. वर तिचा फोटो, आणि खाली बारीक अक्षरांत, दुसऱ्या कुणाला बसवल्यास रद्द. रंजनानं ते वाचून दाखवलं.

"उद्या बुधवार," गोदा म्हणाली आणि कार्ड काळीच्या हातात कोंबलं. "नाव इचारलं तर गोदा सांग."

"आन् फोटो?"

"त्यांना आपलं तोंड कदी दिसलंय?"

बुधवारी साहेब स्वतः तपासायला आले. फोटो बघितला, काळीला बघितलं, "ठीक आहे, गोदाबाई," म्हणाले आणि शेवळांची एक जुडी उचलून चालते झाले. काळी गोदापेक्षा वीतभर उंच, शिवाय कपाळभर गोंदण. संध्याकाळी तिनं साहेबांची नक्कल केली तेव्हा पुष्पा आणि रंजना पोट धरून हसल्या. गोदाला हसू येईना. जागा राहिली होती, चौघींचे वारही राहिले होते, मग कशाला रडायचं, असं ती स्वतःलाच सांगत राहिली.

पुढच्या मंगळवारी ती टोपली मांडून बसली होती, तर वरून साहेबांचा आवाज आला, "काय गोदाबाई, शेवळं कशी दिली?"

बुधवारी काळीला मारलेली तीच हाक; अंगावर पाल पडावी तसं झालं तिला. भरल्या टोपलीवर फडकं ओढून ती म्हणाली, "आज इकायला काय नाय."