कैरीची वेळ

नर्मदेने पदराचं टोक तांब्यातल्या पाण्यात भिजवलं आणि दोधूच्या कपाळावर वाळलेलं रक्त पुसायला घेतलं. कवटीचं हाड आत गेलं होतं. एक डोळा उघडाच राहिला होता. शेजारी वाळूत पडलेल्या दगडाला त्याचे केस चिकटले होते.

गोमाईच्या कोरड्या पात्रात दुपारभर दगड उडाले होते. आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, पोरी उरल्यासुरल्या डबक्यात गौराई बुडवायला येत, दोन्ही काठांच्या बायका एकमेकींना शिव्या घालत, मग पुरुष गोफणी काढत. डोकी फुटत. त्या दिवसाच्या दगडाची तक्रार कुणी चौकीवर नेत नसे. या वर्षी गर्दी पांगल्यावर झुडपामागे नर्मदेचा धाकटा भाऊ दोधू मेलेला सापडला. 'आत्ता तर माझ्या शेजारी गोफण फिरवत होता,' असं सांगणारे पाचसात जण लगेच निघाले.

तिच्या मागे बाभळीला पलीकडच्या गावचा भिला बांधलेला होता. गेल्या आखाजीला दोधूच्या दगडाने त्याचा कान तुटला होता, आणि पुढच्या वर्षी बघून घेईन असं तो भर बाजारात बोलला होता. तेवढं पुरे झालं.

"मी नही मारा! दोधू माले आज दिसनाच नही!"

"कान तर तुटेल शे, डोया बी फुटना का रे तुन्हा?"

काही जण हसले. काठी बसली. भिलाच्या तोंडातून दात आणि लाळ एकदमच वाळूत पडली. मारणाऱ्यांत सगळ्यात पुढे नर्मदेचा नवरा भाईदास होता. मेहुण्यासाठी सणाला आलेला जावई इतका पेटलेला पाहून बाकीच्यांनी त्याला जागा करून दिली होती.

हुंदका आवरायला नर्मदेने पदराचं टोक दातांत धरलं, आणि थांबली.

वेळ तिच्या जिभेवर यायची, लहानपणापासून. सूर्य डोक्यावर आला की तांब्याची कळकलेली चव, दुपार कलली की जळक्या गुळाची, दिवेलागणीला राखेची. जे घडे त्याला घडण्याच्या वेळेची चव चिकटून राही. दूध कधी काढलं, भाकर कधी थापली, ती जीभ लावून सांगे. लग्नाच्या वर्षी भाईदासने तिचे डोळे बांधून पुन्हा पुन्हा परीक्षा घेतली होती. ती एकदाही चुकली नाही. "मन्हं घड्याळ," तो म्हणे. हे त्याला आणि दोधूला सोडून कुणाला माहीत नव्हतं. डाकीण ठरवायला गावाला याहून कमी लागतं.

पदराला जळका गूळ लागायला हवा होता. लागली ती कच्ची कैरी. आंबट, दात शिवशिवणारी. सकाळचं ऊन नुकतं अंगणात उतरतं तेव्हाची.

त्या वेळी नदीत चिटपाखरू नव्हतं. दोधू काठावरच्या आपल्या विहिरीवर गेला होता, आणि सोबत भाईदास. परत आला तो एकटा भाईदास. दोधू मागून येतोय म्हणाला, आणि एकदा अंघोळ झालेली असताना पुन्हा पाणी मागितलं. लेकींना वाटा देणारा वारसाचा नवा कायदा येऊन दोन उन्हाळे झाले होते. तेव्हापासून भाईदास बायकोचा वाटा मागत होता, आणि दोधू हसण्यावारी नेत होता. दोधूचं लग्न व्हायचं होतं. आईबाप नव्हते. आता सगळंच रान नर्मदेचं होतं.

ती उठून बाभळीकडे गेली. तिचे काका रायसिंग गावचे पोलीस पाटील होते. ते आडवे आले.

"बाई, तू घर जाय. हाई बायासनं काम नही."

ती फक्त नवऱ्याकडे पाहत होती. पदर अजून ओठांत होता.

"दोधूनं रगत आंबट लागस," ती म्हणाली. "कच्ची कैरीसारखं."

"बिचारीनं डोकं फिरनं," कुणीतरी पुटपुटलं.

भाईदासची काठी वरच राहिली. मग ती सावकाश खाली आली.

"सोडा त्याले."

"काय म्हनतस पाव्हना?"

"आखाजीना दगड शे. ना चौकी, ना बदला. सोडा."

रायसिंगांनी डोळे पुसले. एवढ्या काळजाचा जावई मिळायला भाग्य लागतं, असं लोक बोलू लागले. भिला चार पायांवर वाळू ओलांडत पलीकडे गेला. त्याच्यामागे लाल रेघ उमटत होती.

चिता पेटवून पुरुष परतले तेव्हा शेजारणींनी सुतकाच्या कडू घासाची भाकर आणून ठेवली होती. भाईदास ओट्यावर एकटा बसला. धगीने त्याचे ओठ फुटले होते. नर्मदेने त्याच्यापुढे पाण्याचा तांब्या ठेवला. त्याने तो तोंडापर्यंत नेला आणि थांबला.

"आधी तू चाख."

"चाखीसन काय व्हई? तोंडमा तीच कैरी शे. दुसरं काही समजत नही आते."

"कुठलं पानी शे?"

"दोधूनी विहिरनं."

त्याने तांब्या खाली ठेवला. नर्मदेने तो बोटांनी त्याच्याकडे सरकवला आणि समोर बसली, हात मांडीवर ठेवून.

"प्या," ती म्हणाली. "उद्या बी मीच देसू."