भोक पडलेल्या हातमोज्याची जबानी

मी वीज कंपनीतला एक जुना रबरी हातमोजा आहे, उजव्या हाताचा. मित्रांनो, सांगता सांगता माझा आवाज चढला तर समजून घ्या.

कारखान्यात माझ्यात हवा भरून मला पाण्यात बुडवलं होतं. एकही बुडबुडा आला नाही. माणसाचा हात आणि विजेची तार यांच्यामध्ये उभं राहायचं, एवढंच माझं काम. सहा वर्षं ते मी चोख केलं. माझा वायरमन रोज मला पुसून, पावडर लावून वेगळ्या पिशवीत ठेवायचा.

"माझ्यापेक्षा त्या मोज्याचेच लाड जास्त!" त्याची बायको म्हणायची.

"अगं, तो आहे म्हणून मी धडधाकट घरी येतो."

पण रबरही म्हातारं होतं. अंगठ्याच्या बेचक्यात मला बारीक चीर पडली. वायरमनला ती त्याच दिवशी दिसली. तो तडक स्टोअरकीपरकडे गेला.

"नवा जोड द्या. हा फाटलाय."

"लेखी द्या."

लेखी दिलं. मग साहेबांची सही हवी. साहेब बैठकीत. चार महिने त्यानं हेलपाटे घातले. आणि स्टोअरकीपरच्या पाठीमागे, काचेच्या कपाटात, कोरे करकरीत अकरा जोड कुलूपबंद होते! सुरक्षा सप्ताहात ते बाहेर निघत, साहेबांबरोबर फोटोत मिरवत आणि पुन्हा आत जात.

एका दुपारी दवाखान्याच्या गल्लीतली तार तुटली. वायरमन वीज बंद करून, मलाच हातात घालून खांबावर चढला. तेवढ्यात एका दुकानदारानं जनरेटर सुरू केला. त्याची वीज उलटी तारेत शिरली आणि माझ्या चिरेतून आत घुसली. मी मध्येच होतो. तरी ती मला अडवता आली नाही.

तो वाचला. उजवा हात मनगटापासून गेला.

साहेबांनी अहवाल लिहिला : 'कर्मचाऱ्याने सदोष हातमोजा वापरला. कर्मचाऱ्याचा निष्काळजीपणा.' निष्काळजीपणा! मला रोज पुसणाऱ्या माणसाचा!

त्याची बायको मला घेऊन साहेबांच्या खोलीत शिरली. मागे सगळे वायरमन.

"बसा बाई, पाणी घ्या," साहेब म्हणाले.

तिनं टेबलावरचा जग उचलला, पाणी माझ्यात ओतलं आणि मला त्या अहवालावर धरलं. पाणी टपटप गळू लागलं. शाई पसरली.

"अहो, हे काय करताय?"

"भोक दिसलं ना साहेब? चार महिने ते हेच दाखवत होते. तेव्हा तुमचे डोळे कुठं होते?"

साहेब कागद झटकत राहिले. मागून सर्वांत वयस्कर वायरमन म्हणाला, "कपाट उघडा. तोवर खांबावर कुणी चढणार नाही."

कपाट उघडलं. अकरांतले चार जोड पडून पडून इतके कडक झाले होते की वाकवताच तडकले. अहवाल पुन्हा लिहावा लागला आणि या वेळी त्याला वायरमनचे सगळे अर्ज जोडले गेले. स्टोअरकीपरची बदली झाली. साहेबांना मात्र बढती मिळाली. वायरमन आता डाव्या हातानं सही गिरवतोय.

मित्रांनो, मला जपा असं मी म्हणणार नाही. मी रबर आहे, फाटणारच. पण उद्या तुम्ही मोठ्या खुर्चीत बसाल आणि कुणी काम करणारा माणूस दारात येऊन "हे फाटलंय" म्हणेल, तेव्हा त्याला कागद मागू नका. आधी खुर्चीतून उठा.