सत्तावीसपर्यंत

"कट! अहो बाई, हे काय? परत आकडेच?"

दिग्दर्शकाने कपाळावर हात मारला. कॅमेरामन तोंड फिरवून हसला. आणि चार देशांतल्या पडद्यांवर वीस वर्षं रडलेली ती नटी खोट्या दारात उभी राहून चक्क "चौदा, पंधरा, सोळा" म्हणत होती. डोळ्यांतलं पाणी खरं होतं बरं का, तोंडात तेवढे आकडे.

सवयच ती! परक्या मुलखात भाषा शिकायला वेळ कोण देतो? ओठ हलले म्हणजे झालं, आवाज नंतर तिथलीच कुणीतरी बाई देणार. मग हिने आकड्यांवरच सगळं निभावलं. लाजायचं सहापर्यंत, भांडायचं बारापर्यंत, आणि ऊर फुटेस्तोवर रडायचं असलं की सत्तावीसपर्यंत. एका देशात तर बक्षीसही मिळवलं पठ्ठीने!

पण हा सिनेमा तिच्या स्वतःच्या भाषेतला होता, पहिलाच. दहा जणांच्या नाकदुऱ्या काढून तिने तो मिळवला, तोही एकाच माणसासाठी. आईची दृष्टी जाऊन नऊ वर्षं झाली होती. लेकीचा सिनेमा लागला की आई टीव्हीसमोर येऊन बसायची आणि विचारायची, "यात तरी तू बोलतेस का गं?" दर वेळी नाहीच म्हणावं लागे.

"शब्द म्हणा हो, शब्द," दिग्दर्शक काकुळतीला आला. "'आई, मी आलेय, दार उघड.' इथून सुरुवात. कठीण काय त्यात?"

तिने म्हटलं. शब्द बिनचूक आले, पण चेहरा बँकेच्या रांगेत उभ्या असलेल्या बाईसारखा कोरा. नऊ वेळा तेच. शेवटी तो वैतागला. "जाऊ द्या. आकडेच म्हणा. आवाजाचं नंतर बघू."

सत्तावीस येईपर्यंत सेटवरचे दिवेवालेसुद्धा डोळे पुसत होते.

दीड महिन्याने आवाज भरायची वेळ आली, तेव्हा तिने हट्टच धरला, माझा आवाज मीच देणार. कानाला हेडफोन लावले, समोर पडद्यावर तिचेच ओठ. सकाळपासून दुपार झाली, तरी तिचे शब्द त्या ओठांवर बसेनात. त्यात बोलण्यात चार देशांची भेसळ.

"ताई, वाईट वाटून घेऊ नका," ध्वनिमुद्रक हळूच म्हणाला, "पण तुमच्या तोंडी तुमचाच आवाज परका वाटतो."

बाहेर बाकावर डबा खात बसलेली आवाज देणारी मुलगी आत आली, हात पुसले आणि एका दमात काम करून मोकळी झाली. जाताना तिने हिची सही मागितली, आईला दाखवायला म्हणून. आता राग तरी कुणावर काढायचा!

सिनेमा टीव्हीवर आला त्या संध्याकाळी वहिनीने तिला आधीच दटावून ठेवलं. "आईंनी विचारलं तर तू आपलं हो म्हण. त्यांना कुठे कळणार आहे?"

"यात तूच बोलतेस ना गं?" आईने विचारलंच.

"हो, आई."

दाराचा प्रसंग आला. आईने चाचपडत हात पुढे केला आणि बोटं लेकीच्या ओठांवर ठेवली. "म्हण ना त्याच्याबरोबर. बघू दे मला."

टीव्हीतली बाई दार उघड म्हणून विनवत होती. हिने आवाज न काढता ओठ हलवले. एक, दोन, तीन. डोळे वाहू लागले, पण ओठ एकदाही चुकले नाहीत. सत्तावीसला पडद्यावरचं दार उघडलं.

आईने ओली बोटं पदराला पुसली.

"रडतेस फार छान," ती म्हणाली. "आणि ती मुलगी बोलतेही छान हो."

वहिनी उठून आत गेली.

"पुढच्यात बोलशील ना?"

पुढचा कुठला! सत्तेचाळिसाव्या वर्षी हाच कसाबसा पदरात पडला होता. आईची बोटं पुन्हा तिच्या ओठांवर आली आणि तिथेच वाट बघत राहिली.