पंधरा बंदुकांचा एक बार

उलाद रहाल गावच्या पथकात पंधरा घोडे होते, पंधरा बंदुका होत्या आणि धड कान अठ्ठावीस. उरलेले दोन पथकाच्या म्होरक्याचे, मुकद्दम सी बुअज्जाचे. चाळीस वर्षं डोक्याशेजारी बारूद उडाल्यावर त्या कानांनी रजा घेतली होती, आणि ती मंजूर आहे का हे बुअज्जाला कुणी विचारलं नव्हतं.

तबुरिदा म्हणजे घोडदौडीत बंदुका उडवण्याचा खेळ, आणि त्यात बाकी सगळं शोभेचं. पांढरे झगे, भरतकामाची खोगिरं, मुकद्दमची हाळी, एका ओळीत उधळलेले घोडे, हे सगळं एका क्षणासाठी. मैदानाच्या टोकाला बांधलेल्या दोरीच्या अलीकडे रिकिबीत उभं राहून पंधरा जणांनी आभाळाकडे बंदुका उडवायच्या आणि ऐकणाऱ्याला बार एकच ऐकू यायला हवा. एक आला की तंबूतल्या बायका आनंदाने जिभा हलवून किलकारी मारतात आणि पंच आकडा लिहितात. एक जरी बंदूक मागे राहिली तरी उरलेल्या चौदांनी काय केलं हे कुणी विचारत नाही.

दोन वर्षं एक बंदूक मागे राहत होती.

कुणाची, हे पथकातल्या चौदा जणांना माहीत होतं. दोन वर्षांपूर्वी बुअज्जा घोड्यासकट आडवा झाला तेव्हा त्याच्या उजव्या हाताची तर्जनी मोडली. हाडं बसवणाऱ्याने 'बसलं' असं सांगितलं आणि पुढच्या गावाला निघून गेला. तेव्हापासून मुकद्दमने शेवटची हाळी दिली की चौदा माणसं त्याच्या हुकमाबरोबर चाप ओढत, आणि त्याचं स्वतःचं बोट तेवढं जरा विचार करून. बुअज्जाला आपल्या खांद्याला बसलेला धक्का कळे. बाकीच्यांचा बार त्याआधीच होऊन गेलाय, हे कळायला कान लागतात.

कानांचं काम अल्लालकडे होतं. अल्लाल गावातला खोगीर शिवणारा, आणि तीस वर्षं बुअज्जाच्या उजव्या हाताला घोडी लावणारा. दौड संपून घोडे थांबले की बुअज्जा उजवीकडे झुकून विचारायचा, "एकच?" अल्लाल एक बोट वर करायचा. "एकच."

मग आकडे लागत आणि उलाद रहाल खालून दुसरं येई. अल्लालकडे त्याचीही कारणं तयार असत. एकदा पंचाचा मेहुणा दुसऱ्या पथकात होता. एकदा वारा उलटा होता. एकदा तिघांपैकी दोन पंच फोनवर बोलत होते. या शेवटच्या कारणावर बुअज्जाने जत्रेच्या समितीकडे लेखी तक्रार केली. तक्रार मिळाली असं समितीने लेखी कळवलं. ते पत्र बुअज्जाने भिंतीवर लावलं.

यंदाच्या जत्रेच्या आधल्या आठवड्यात तौफिक दुकानात आला. तौफिक म्हणजे गावातला खाटीक, ओळीच्या डाव्या टोकाचा स्वार. अल्लाल बुअज्जाच्याच खोगिराचा पट्टा शिवत बसला होता.

"काका, तुम्ही सांगताय की मी सांगू?"

"काय?"

"आता हेही मीच सांगू?"

अल्लालने दोरा दातांनी तोडला. "बस. चहा घे."

"चहा नको. दोन वर्षं चहाच पितोय आपण. माझी बायको विचारते, तुम्ही घोडे पळवायला जाता की म्हाताऱ्याची समजूत काढायला?"

"दोन्ही. म्हणून तर त्याला पथक म्हणतात."

"यंदा पहिल्या तिघांत आलो नाही तर अल जदीदाची मोठी स्पर्धा पुन्हा चुकली. आणि मग आम्ही सहा जण उलाद झिदानच्या पथकाकडे जातोय. घोड्यांसकट. शब्द दिलाय तिकडे."

"सहा?"

"सहा. राहिलेल्या नऊंनी मग खुशाल एकमेकांना बोटं दाखवावीत." हे बोलल्यावर त्याचं त्यालाच ओशाळवाणं झालं. तो टेकला आणि चहा घेतला. "शुक्रवारी नमाजानंतर सराव आहे. तुम्ही बोलला नाहीत तर मी बोलेन. आणि मला हळू हाताने कापता येत नाही, काका. येत असतं तर शिंपी झालो असतो."

अल्लालने तीन दिवस वाक्यं जुळवली. 'तुझ्या बोटाला विश्रांती हवी' हे एक. 'तू नुसती हाळी दे, बंदूक दुसरा कुणी उडवेल' हे दुसरं, पण बंदुकीशिवाय मुकद्दम म्हणजे वरातीतला सनईवाला. तिसरं वाक्य त्याने बायकोला, रकियाला, म्हणून दाखवलं. ती म्हणाली, "हे ऐकण्यापेक्षा तो पुन्हा घोड्यावरून पडेल."

शुक्रवारी मैदानावर सगळे जमले. बहिऱ्या माणसाजवळ मन मोकळं करायचं तर ते ओरडून करावं लागतं, त्यामुळे कुंपणाबाहेर बीट उपटणारे मजूरही थांबून ऐकू लागले.

"बुअज्जा, बार फुटतोय!"

"काय फुटतंय?"

"बार! दोन वर्षं! एक बंदूक उशिरा येते!"

बुअज्जा घोड्याचा तंग आवळत होता. त्याने ओळीतल्या एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. तोंडं बुटांकडे पाहत होती.

"कुणाची?"

तीन वाक्यांतलं एक आता यायला हवं होतं. अल्लालचं लक्ष त्या तंगावरच्या हाताकडे गेलं. चार बोटं पट्टा ओढत होती आणि तर्जनी खुंटीसारखी बाहेर राहिली होती, जणू तिचा या कामाशी संबंधच नाही.

"माझी," अल्लाल म्हणाला.

तौफिकने मान वर केली. पुन्हा खाली घातली.

बुअज्जा जवळ आला. "तुझी."

"बोट म्हातारं झालंय. ऐकत नाही."

"दोन वर्षं मी तुला विचारतोय, एकच का. तू काय म्हणत होतास?"

अल्लालने या बाजूने विचारच केला नव्हता. तो आपलं बोट द्यायला आला होता. इथे जीभही मागत होते.

"एकच म्हणत होतो."

"का? स्वतःची जागा राखायला?"

पळवाट अशी नव्हतीच. नाही म्हटलं तर मग कुणाची, हा पुढचा प्रश्न होता.

"हो."

"बोटाला मी काही म्हणालो नसतो," बुअज्जा म्हणाला. बहिरी माणसं मोठ्याने बोलतात. हे तो हळू बोलला, म्हणजे जेवढं त्याला हळू वाटलं तेवढं. "बोटं सगळ्यांचीच म्हातारी होतात. पण माझे कान होतास तू, अल्लाल. घोडी घे आणि घरी जा."

घरी रकियाने सगळं ऐकून घेतलं.

"म्हणजे आता बार एक येईल?"

"नाही."

"मग तू केलंस काय?"

"वेळ काढला."

"किती?"

"जत्रेपर्यंत."

"जत्रा गुरुवारी आहे," रकिया म्हणाली आणि घोडीला चारा घालायला गेली.

दुसऱ्या दिवशी तौफिक आला आणि दारातच उभा राहिला. "काका, त्यांना तुम्ही वाचवलंत. आता मी खरं सांगायला गेलो तर तुम्ही खोटे पडता. चौदा तोंडं शिवून टाकलीत तुम्ही. एवढे घट्ट टाके खोगिराला कधी घातले नव्हते."

"तू जाणार का उलाद झिदानकडे?"

"आता कुठल्या तोंडाने जाऊ?" तो म्हणाला. "मुकद्दमने डाव्या टोकाला माझ्या भावाला उभं केलंय आणि मला तुमच्या जागी घेतलंय. उजव्या हाताला."

गुरुवारी अल्लाल जत्रेत गेला तो प्रेक्षक म्हणून. तीस वर्षांत त्याने आपलं पथक समोरून पाहिलं नव्हतं. दोरीपाशी लोकांच्या गर्दीत तो उभा राहिला. शेजारचा माणूस सूर्यफुलाच्या बिया सोलत होता आणि टरफलं अल्लालच्या झग्यावर पडत होती. लांब टोकाला ओळ हलली. बुअज्जाची हाळी आली, बहिऱ्या माणसाची, सगळ्या मैदानाला पुरून उरणारी. ओळ इतकी सरळ आली की शेजारच्याने बिया सोलायच्या थांबवल्या. बंदुका उठल्या.

बार झाला. आणि मग, मैफल संपल्यावर कुणी खोकावं तसा, एकटाच एक.

"अरेरे," शेजारचा म्हणाला आणि पुन्हा बियांकडे वळला.

घोडे थांबले. बुअज्जा सवयीने उजवीकडे झुकला. "एकच?"

तौफिक लगाम सारखा करू लागला. बुअज्जाने डावीकडे पाहिलं. तिथेही सगळ्यांना आपापल्या घोड्यांच्या मानेवर एकाएकी माया आली होती. जी बंदूक उशिरा उडते तिला घरी पाठवलं होतं, आणि तरी कुणी बोट वर करत नव्हतं. त्याने आपल्या हातातल्या बंदुकीकडे पाहिलं. मग गर्दीकडे. तिथे त्याला अल्लाल दिसला.

त्या वेळी अल्लालने एक बोट वर करायचं होतं. दोन वर्षं शंभरदा केलं होतं, एकदा आणखी. पण त्याला वाटलं, आता आपण कोण. त्याने मान खाली घातली. आणि दोन वर्षांत चौदा माणसांना जे सांगता आलं नव्हतं, ते त्या मानेने सांगून टाकलं.

शुक्रवारी दौडी नव्हत्या. दुपारी अल्लाल दुरुस्त केलेला पट्टा घेऊन तंबूकडे गेला. हाकलून दिलं तरी पट्टा मुकद्दमचाच होता. बुअज्जा तंबूमागे चटईवर पाठमोरा बसला होता, रिकामी बंदूक मांडीवर. तो हळूच हाळी द्यायचा, आपल्यापुरती, आणि बोटाकडे बघत थांबायचा. थोड्या वेळाने चाप टक् व्हायचा. मग पुन्हा हाळी. मध्येच त्याने डाव्या हाताने ते बोट धरून वाकवलं, शाळेत मास्तर कान धरतो तसं. अल्लालने पाच वेळा टक् ऐकलं. बुअज्जाला पायांचा आवाज येणार नव्हता, तरी तो चवड्यांवर मागे फिरला. पट्टा तंबूच्या दोरीला अडकवून ठेवला.

शनिवारी शेवटची दौड. अल्लाल त्याच जागी, त्याच टरफलांत. ओळ आली. हाळी आली. बंदुका उठल्या आणि बार झाला.

अल्लालने श्वास धरून दुसऱ्याची वाट पाहिली.

दुसरा आला नाही.

तंबूतून बायकांच्या जिभा सुटल्या. शेजारी कुणीतरी अल्लालच्या पाठीत थाप मारली, कारण आनंदात शेजारी लागतोच. पंधरा बंदुकांचा एक बार, कापडाचा पन्हा एका झटक्यात फाडावा तसा. दोन वर्षांत पहिल्यांदा. अल्लालला धूर निवळायची वाट पाहावीशी वाटत नव्हती, पण डोळे काही कानांसारखे रजेवर जात नाहीत. ओळीवर डावीकडे धूर होता, उजवीकडे धूर होता, आणि बरोबर मध्ये, जिथे मुकद्दमचं पागोटं होतं, तिथे स्वच्छ, कोरडी, पांढरी जागा. चौदा बंदुका.

बारूद वाटताना बुअज्जाने आपला वाटा घेतला होता, असं तौफिकने नंतर सांगितलं. भरला नव्हता. चापही ओढला होता. टक् आवाज आला, नेहमीसारखा उशिरा.

कर्ण्यावरून निकाल सांगितला. उलाद रहालला आवाजाचे गुण पुरे, एक बंदूक न उडाल्याबद्दल गुण वजा, चौथा क्रमांक. पुढे जाणार तीन. तौफिकने पागोटं सोडलं, त्यानेच तोंड पुसलं, आणि कुणाशी भांडला नाही. बुअज्जाला कर्णा ऐकू येत नव्हता आणि त्याला जाऊन सांगायची कुणाची तयारी नव्हती.

तो घोडा हातात धरून दोरीपाशी आला. अल्लालच्या समोर.

"पट्टा तू अडकवलास."

"हो."

"बारीक टाके आहेत. डोळे चांगले आहेत अजून तुझे."

"आहेत."

बुअज्जाने दोरीवरून हात पुढे करून अल्लालचा उजवा हात धरला. त्याची तर्जनी वाकवली, सरळ केली, पुन्हा वाकवली. ती तेल घातलेल्या बिजागरीसारखी फिरली. सुईकाम करणाऱ्याचं बोट ते. बुअज्जाने ते बराच वेळ धरून ठेवलं. मग सोडलं. अल्लालला जे बोलायचं होतं ते ओरडून बोलण्यासारखं नव्हतं.

"आज?" बुअज्जाने विचारलं.

अल्लालने बोट वर केलं.

"एकच."

बुअज्जा त्या बोटाकडे बघत राहिला.

"एकच, बुअज्जा! लेकरांची शपथ, एकच!" अल्लाल इतक्या मोठ्याने ओरडला की घोडा दचकला. लोक वळून पाहू लागले.

"तू नेहमी तेच म्हणतोस," बुअज्जा म्हणाला. रागाने नाही. चहा दिल्याबद्दल आभार मानावेत तसं. त्याने अल्लालच्या झग्यावरची दोन टरफलं झटकली, लगाम ओढला आणि घोड्याला घेऊन तंबूकडे चालू लागला.

अल्लालचं बोट वरच होतं. दोरीला लागून चार-पाचशे माणसं उभी होती. विचारलं असतं तर त्यांतल्या कुणीही सांगितलं असतं, बार एकच होता म्हणून. पण बुअज्जाने तीस वर्षांत दुसऱ्या कुणाला कधी विचारलंच नव्हतं.