एका शेतात पाणी, आठ शेते ओली

मित्रांनो, मी एक जुना संगणक आहे आणि माझ्या पोटात आठ खोटे मोबाइल राहतात. सुरतेच्या लिंबायत भागात पत्र्याच्या एका खोलीत, बंद पडलेल्या शिवणयंत्राच्या टेबलावर माझी जागा आहे. माझ्या डोक्यावर पाण्याचा तांब्या ठेवू नये असे मला फार वाटते, पण माझे मत विचारतो कोण? सांगितले तेवढे मी करतो. कमी नाही आणि जास्तही नाही. तुमच्या शाळेत ज्याला आज्ञाधारक म्हणून बक्षीस देतात ना, तसाच मी आहे. तेव्हा माझ्याकडून दयेची गोष्ट ऐकायला बसला असाल, तर आत्ताच उठा.

माझे तरुणपण कापडबाजारातल्या साड्यांच्या एका पेढीत गेले. गार हवेची खोली, काचेचे दार आणि दिवसभर बिले. दिवाळीला शेठ चोपडीपूजन करत, तेव्हा माझ्या कपाळावर कुंकवाचा साथिया, म्हणजे स्वस्तिक, काढत आणि माझ्यापुढे पेढा ठेवत. मी पेढा खात नाही हे त्यांना माहीत होते, पण मान तो मान. मग एके वर्षी नवा, चपटा, चकचकीत संगणक आला. शेठने माझ्याकडे वळूनसुद्धा पाहिले नाही. मला माळ्यावर पार्सलच्या पोत्यांमागे टाकले. तिथे उंदरांनी माझी एक वायर खाल्ली. ज्या हातांनी साथिया काढला, त्याच हातांनी मला लोटले, याचा मला राग आला नाही. माणसे अशीच असतात हे तेव्हा समजले, इतकेच.

पेढीवर साड्यांच्या घड्या घालणारा वाल्मिक नावाचा तरुण होता. त्याने शेठकडून मला मागून घेतले आणि स्कूटरवर बांधून घरी आणले. त्याचे वडील निंबाभाऊ लूमच्या कारखान्यात कामाला, आई सुंदराबाई घरात साड्यांना टिकल्या चिकटवणारी आणि धाकटी बहीण मयुरी कॉलेजात. मंडळी मूळची खान्देशातली. घरात अहिराणी, गल्लीत हिंदी, बाजारात गुजराती. वाल्मिकने माझी वायर जोडली, मला नवी मेमरी बसवली आणि माझ्यात एम्युलेटर घातला.

एम्युलेटर म्हणजे बहुरूपी. तो माझ्या पडद्यावर एक खिडकी उघडतो आणि आतल्या खेळाला सांगतो की हा मोबाइल आहे. खेळ बिचारा विश्वास ठेवतो. अशा आठ खिडक्या मी एकाच वेळी चालवू लागलो. सुरुवातीला एकीत गाड्यांची शर्यत, दुसरीत लढाई, तिसरीत पत्ते. पुढे वाल्मिकच्या ध्यानात आले की शेतीच्या खेळाला गिऱ्हाईक जास्त आहे. पेरायचे, पाणी घालायचे, झाडे वाढवायची आणि भरलेले शेत आयत्या पिठावर रेघोट्या ओढणाऱ्याला विकायचे. मग आठही खिडक्यांत शेते आली. माझा पंखा घरघरू लागला, अंग तापू लागले. उन्हाळ्यात खोलीतली माणसे माझ्यापासून लांब बसत.

पहिल्या खिडकीतले शेत मात्र मयुरीचे होते. तिने ते हौसेने वाढवले होते. तिच्या शेजारी बसून सुंदराबाईही शिकली. माउस धरताना ती जीभ बाहेर काढायची आणि मयुरी खो खो हसायची.

एक दिवस मयुरी कॉलेजला गेली आणि परत आली नाही. तिने आपल्या मनाने, परजातीतल्या मुलाशी लग्न केले होते. ती दूर कुठे नव्हती, ह्याच सुरतेत कुठेतरी होती. निंबाभाऊंनी ऐकले, उठले, मोरीत गेले आणि तिच्या नावाने आंघोळ केली. मेलेल्या माणसाच्या नावाने करतात तशी. डोक्यावर गार पाण्याची बादली उपडी करून ते बाहेर आले आणि म्हणाले, "आजपाइन मनी पोर मरी गयी. कोनी नाव काढानं नही." वाल्मिकने भिंतीवरचा फोटो काढला, मोबाइलमधला नंबर पुसला आणि आईच्या हातातला मोबाइलही काढून घेतला.

शेत मात्र त्याने ठेवले. ते आठांत सर्वांत मोठे होते.

"मी पानी घालू का त्याले?" सुंदराबाईने भीतभीत विचारले.

"घाल ना," वाल्मिक म्हणाला. त्याला फुकटचा मजूर मिळाला होता. "फक्त ह्या एकातच घाल मम्मी. बाकीची सात आपोआप भिजतील."

आता हे कसे, ते सांगतो. पडद्याच्या कडेला एक छोटे बटण आहे. वाल्मिक त्याला 'सब एकसाथ' म्हणतो. ते चालू असले की एका खिडकीत जिथे बोट दाबाल, तिथेच आठही खिडक्यांत दाबले जाते. त्याने हे आईला सांगितले नाही. आणि सुंदराबाई शेतकऱ्याची लेक. तिला वाटले, एका वाफ्यातून दुसऱ्या वाफ्यात पाट जातो तसे हे पाणी जात असणार. तिने मनाशी ठरवून टाकले की पाणी वाहते, म्हणून बाकीची शेते भिजतात. दुसरे काही वाहत असेल, असे तिच्या डोक्यातही आले नाही.

काही महिन्यांनी पहिल्या खिडकीत एक चित्र उगवले. नवीन शेजारी यायला बघत होता. चित्रात कडुनिंबाचे झाड होते आणि झाडाला झोका बांधलेला. खाली इंग्रजी अक्षरांत 'गौराई' असे नाव. सुंदराबाईला इंग्रजी अक्षर येत नाही, पण झोका कळतो. खान्देशात अक्षय्य तृतीयेला आखाजी म्हणतात. आखाजीला लेकी माहेरी येतात, झाडांना झोके बांधतात आणि गौराईची गाणी म्हणतात. लिंबायतच्या गल्लीत झाड नव्हते, म्हणून मयुरी दरवर्षी दाराच्या चौकटीला साडीचा झोका बांधायची.

सुंदराबाईने पदराने तोंड दाबून धरले आणि हिरवे बटण दाबले.

तेव्हापासून त्या दोघींचे बोलणे सुरू झाले. खेळात लिहिता येते, पण मयुरी लिहीत नसे, कारण लिहिलेले वाल्मिकने वाचले असते. ती दाराशी भेट ठेवून जायची. कधी अंडी, कधी गव्हाची पेंढी. आई उलट वांगी ठेवायची. एकदा मयुरीने लहान मुलाचा पाळणा आपल्या अंगणात मांडला. सुंदराबाई त्या पाळण्याकडे बघत बसली आणि चुलीवरचा भात करपला. निंबाभाऊंच्या शिव्या खाताना ती हसत होती. निंबाभाऊंना वाटले, बाईचे डोके फिरले.

मग आखाजी आली. वाल्मिक एका पार्टीला, म्हणजे गिऱ्हाइकाला, आणायला गेला होता. आठही शेते आंब्यांनी भरून तयार होती. सुंदराबाईने लेकीला आखाजीचे आंबे पाठवायचे ठरवले. बोलावता येत नाही, जेवू घालता येत नाही, निदान आंबे तरी. तिने पहिल्या खिडकीत आंब्यांची सगळी पाटी उचलली आणि शेजाऱ्यांच्या यादीत सर्वांत वर असलेल्या गौराईला दिली.

'सब एकसाथ' चालू होते. मी आज्ञाधारक आहे. बाकीच्या सात शेतांनीही आपापली पाटी उचलली आणि आपापल्या यादीत वर असलेल्या शेजाऱ्याला देऊन टाकली. त्या सातांच्या यादीत वर होते मयुरीचेच जुने शेत. एरवी मी उठता बसता अडकतो, पडदा गोठतो, वाल्मिक माझ्या पाठीत थापडा मारतो. त्या वेळी मी सुतासारखा सरळ चाललो.

वाल्मिक पार्टीला घेऊन आला. सात शेते रिकामी आणि पहिल्याच्या दारात आंब्यांचा ढीग. त्याने पाहिले की पहिल्याची स्वतःची पाटी कुणा गौराईकडे गेली आहे. त्याने गौराईचे शेत उघडले. कडुनिंब, झोका, पाळणा.

"मम्मी, हे केव्हापासून चाललंय?"

सुंदराबाईच्या हाताला टिकल्यांचा गोंद लागला होता. ती तो गोंद खरवडत राहिली.

वाल्मिक ओरडला असता तर बरे झाले असते. तो पार्टीकडे वळला आणि म्हणाला, "भाई, ये एक नंबरवाला ले जाओ. आज ही."

"हाई नको इकू रे भाऊ," सुंदराबाई उठली. "बाकीना सात इकी टाक. हाई मनी पोरनं शे."

"पोर?" वाल्मिकने विचारले. "कोणती पोर? पप्पांनी आंघोळ नाही का केली?"

निंबाभाऊ खाटेवर बसले होते. सुंदराबाईने त्यांच्याकडे पाहिले. त्यांनी भिंतीकडे तोंड केले. पाहुण्यासमोर तिला जास्त बोलता येईना. तिने चहा केला. पार्टी चहा पिऊन, शेताची किल्ली म्हणजे परवलीचा शब्द घेऊन निघून गेली. पहिली खिडकी मी मिटली. वाल्मिकने त्या जागी नवीन, उघडे माळरान असलेले शेत चालू केले आणि आईला म्हणाला, "हे घे. ह्याला पाणी घाल."

आणि मित्रांनो, तिने घातले. वर्षभर घातले. कारण त्या विकलेल्या शेताशी आमच्या जुन्या सात शेतांचा शेजार अजून होता, नव्याचाही वाल्मिकने सवयीने जोडला होता, आणि आठही याद्यांत ते सर्वांत वर होते. पाणी घालून झाले की ती तिकडे नुसते बघायला जायची. नव्या मालकाने वांगी उपटून सगळीकडे कापूस लावला होता. रोज दाराशी गौराईची भेट पडलेली असायची. अंडी, गहू, लोणी. मालक ती उचलायचा आणि सर्वांना पाठवतो तसे एक अंगठ्याचे चित्र पाठवायचा. मयुरीला वाटत असेल, आई आहे. दुसरे काय वाटणार?

दुसरी आखाजी आली. निंबाभाऊ खाटेवर पडले होते, वाल्मिक बाहेर होता. सुंदराबाईने आमरस केला, सांजोऱ्या तळल्या आणि माझ्यापुढे बसली. विकलेल्या शेताच्या दारात आंब्यांची भलीमोठी पाटी होती. पाटीवर झोक्याचे चित्र. लेकीने आईला आखाजी पाठवली होती. सुंदराबाईने पाटीला हात घातला. खेळाने लाल चौकट दाखवली, ही भेट दुसऱ्याची आहे म्हणून. तिने पुन्हा हात घातला. पुन्हा चौकट. मग तिने पाटीवरचा झोका दाबला आणि एक हिरवे बटण वर आले. हे बटण तिला ओळखीचे होते. शेजारी व्हायचे बटण. तिचे डोळे लकाकले.

"माय व," ती पुटपुटली, "इतलं सोपं व्हतं का हाई?"

तिने बटण दाबले. पाणी वाहते, बटण कसे वाहील?

आठही खिडक्यांतून आठ विनंत्या निघाल्या. त्या सर्व शेतांना वाल्मिकने आपलेच नाव दिले आहे, पुढे फक्त एक ते आठ आकडे. सुरतेत कुठेतरी, मांडीवर मूल घेऊन बसलेल्या मयुरीच्या मोबाइलवर एकाच क्षणी आठ वाल्मिक येऊन उभे राहिले.

उत्तर लगेच आले. एक लाल हात, पंजा उघडा, समोर धरलेला. ह्या खेळात त्याचा अर्थ, पुढे येऊ नको. हाताखाली इंग्रजी अक्षरांत एक ओळ होती. मयुरीने पहिल्यांदाच काही लिहिले होते. "दादा, माझ्या पोराला तरी सोड." त्याबरोबर गौराईचे शेत आमच्यासाठी कायमचे दिसेनासे झाले.

सुंदराबाईने तो हात पाहिला. आठ खिडक्यांत आठ हात. तिने आपला गोंदाचा हात वर केला आणि पडद्यासमोर हलवला.

"पोरनी हात दखाडा," ती म्हणाली. "वळखं व माले तिनी."

खाटेवरून निंबाभाऊंनी विचारले, "कोनले हात दखाडस?"

"कोनले नही. पडदा पुसस."

संध्याकाळी वाल्मिक आला. त्याने ती ओळ वाचली, तोंडातल्या तोंडात हसला आणि सात खिडक्यांतले हात मिटवून टाकले. पहिल्या खिडकीतला मात्र कोपऱ्यात तसाच ठेवला. त्याने हिशोब केला की तो हात असला तर मम्मी माझ्यापुढे जास्त वेळ बसेल आणि पाणी एकदाही चुकणार नाही.

आता तुम्ही वाट बघत असाल की जुना संगणक शेवटी हात जोडेल आणि म्हणेल, माझ्यावरची धूळ पुसा, मला जपा. मला तशी गरज नाही. माझा पडदा ह्या गल्लीत सर्वांत स्वच्छ आहे. सुंदराबाई रोज सकाळी पदराचे टोक ओले करून येते आणि तो लाल हात पुसते. आधी तळवा, मग एकेक बोट. पुसून झाले की खालच्या अक्षरांवरूनही हळूच पदर फिरवते. काय लिहिले आहे ते ती कोणाला विचारत नाही, आणि मला तर कोणी सांगायला सांगितलेलेच नाही.