घंटीआधीचा घास

मिस्तरीची चव गेली आहे हे कळलं, ते बटाट्याच्या भाजीमुळे.

बायको जाऊन महिना होत आला होता. सकाळी मेहुणी आली तेव्हा तो दुकानामागच्या खोलीत पाव आणि भाजी खात बसला होता. मेहुणीने दारातच नाक धरलं. पातेल्यावरचं झाकण उचलून बघते तर भाजीला तार सुटलेली.

"भाऊजी, हे काय खाताय? परवाची भाजी आहे ही! आंबून फसफसलीये."

"असेल," तो म्हणाला आणि पुढचा घास मोडला.

तिने ताट ओढून घेतलं. मग फडताळातून मीठ काढलं, चिमूट त्याच्या तळहातावर ठेवली, आणि खायला लावलं. काही नाही. कांदा चिरून नाकाखाली धरला. डोळ्यांतून पाणी आलं, वास आला नाही.

ताप दोघांना एकदमच आला होता, त्याला आणि त्याच्या बायकोला. तिला तो घेऊन गेला. ह्याला सोडलं, पण सोडताना जिभेची चव आणि नाकाचा वास काढून नेला. मिस्तरीला ते कळलंच नव्हतं. घरातलं माणूस गेलं की घास गोड लागत नाही, असं सगळेच म्हणतात. त्याला वाटलं, म्हणतात ते हेच.

डॉक्टर म्हणाले, येईल परत, किंवा नाहीही येणार.

दुसऱ्या कुणाची चव गेली असती तर बेचव खाऊन दिवस काढले असते. ह्याचं पोटच त्यावर होतं. त्याचं सायकल दुरुस्तीचं दुकान चालेनासं झालं, तेव्हा बायकोनेच डोकं चालवलं होतं. पडून असलेल्या सायकली रंगवल्या, घंट्या बसवल्या आणि बाहेरगावच्या पाहुण्यांना त्यांच्यावर बसवून शहरातल्या गाड्यांवरचं खाणं खायला न्यायला लागली. ती पुढे, पाहुणे मध्ये, मिस्तरी पंप आणि नट आवळायचे पाने घेऊन शेवटी. तिचा एक नियम होता. कुठल्याही गाडीवर पहिला घास तिचा. तो खाऊन, गिळून, मग ती आपल्या सायकलची घंटी वाजवायची. घंटी वाजेपर्यंत पाहुण्याने हात लावायचा नाही. इतक्या वर्षांत तिच्या पाहुण्याचं पोट कधी बिघडलं नव्हतं.

आता पाहुणे पाठवणाऱ्या कंपनीतल्या बाईंनी फोनवर गोड आवाजात सांगितलं होतं, "मिस्तरी, एक रविवार तुम्ही नेऊन बघा. लोक खूश होऊन परत आले तर पुढचं बोलू. नाही तर आमच्याकडे दुसरा माणूस तयार आहे."

"आणि तुम्ही जाणार?" मेहुणी म्हणाली. "जीभ म्हणून तोंडात रबराचा तुकडा घेऊन?"

"तू मागे चल."

"आणि पहिला घास?"

त्यावर त्याने उपाय काढला होता. गाडीवाल्याकडून बशी मेहुणीने घ्यायची आणि त्याच्या हातात द्यायची. देता देता हुंगायची. ठीक असेल तर खोकायचं, नसेल तर बशी हातातून सोडायची.

"ताईने हयातीत एक बशी फोडली नाही," मेहुणी म्हणाली. "आणि मी काय बशा फोडायला जन्मले?" पण आली.

रविवारी सकाळी पाहुणे जमले. बँकेतून निवृत्त झालेले एक साहेब आणि त्यांची बायको, एक तरुण जोडपं आणि सारखे फोटो काढणाऱ्या दोन मैत्रिणी. तरुण नवऱ्याने मिस्तरीला बाजूला घेऊन हळूच सांगितलं, "हिला चौथा महिना आहे. डॉक्टर सायकलला हो म्हणालेत. खाण्याचं तेवढं तुम्ही बघा."

मिस्तरीने मान हलवली. सायकलची मूठ ओली झाली म्हणून त्याने हात पँटला पुसले. आज तो बायकोच्या सायकलवर होता. सीट त्याने वर केली नव्हती, त्यामुळे गुडघे हँडलला लागत होते.

पहिली गाडी भाजलेल्या कणसांची. मेहुणी खोकली, त्याने दाणे चावले. वाळू चावल्यासारखं वाटलं. "गोडवा बघा, कोवळं आहे," तो म्हणाला. हे वाक्य बायकोचं. घंटी वाजवली. सगळ्यांनी माना डोलावल्या.

दुसरी गाडी अंड्याच्या पोळीची. मेहुणी खोकली, त्याने घास खाल्ला आणि बायकोचंच दुसरं वाक्य म्हटलं, "मीठ बघा, कसं बेताचं." घंटी वाजली. साहेबांनी घास घेतला आणि पाण्याची बाटली शोधायला लागले.

"अहो मिस्तरी, हे बेताचं? ह्यात मी अख्खा समुद्र गिळला! तुमची जीभ काय माहेरी गेलीये?"

सगळे हसले. गाडीवाल्याने चाखून बघितलं आणि कपाळाला हात लावला. मीठ दोनदा पडलं होतं. मेहुणी पटकन म्हणाली, "आमचे भाऊजी असेच. माझ्या ताईच्या हातचं खारट खाऊन खाऊन जीभ निबर झालीये." पुन्हा हशा झाला. पण तरुण नवरा हसला नाही. तो मिस्तरीकडे बघत होता, आणि मिस्तरीला ती नजर पुढचा सगळा रस्ता पाठीवर जाणवत राहिली.

खारट आहे की नाही, हे हुंगून कळत नाही. हे दोघांच्याही डोक्यात आलं नव्हतं.

पुलाच्या अलीकडे एका मैत्रिणीचं मागचं चाक बसलं. मिस्तरी सवयीने उतरला आणि पिशवीला हात घातला.

"तुम्ही पुढे व्हा," मेहुणी दबक्या आवाजात म्हणाली. "पुढच्याने थांबायचं नसतं. मी करते. पण भाऊजी, पुढे मासा आहे. मी आल्याशिवाय हात लावू नका."

"नाही लावत."

"शपथ?"

"अगं नाही म्हटलं ना."

माशाची गाडी धक्क्याजवळच्या गल्लीत होती. गाडीवरच्या म्हातारीला सगळी गल्ली मावशी म्हणायची. मिस्तरीच्या बायकोला ती लेक मानायची आणि म्हणून मिस्तरीला जावई. पीठ लावलेला मासा ती खोल कढईत तळायची. उन्हं चढली होती. मिस्तरीने बर्फाच्या पेटीकडे नजर टाकली. एरवी पेटी उघडी असायची आणि कडेने पाणी ठिबकत असायचं. आज झाकण बंद होतं आणि खालची फरशी कोरडी होती.

"मावशी, बर्फ?"

"येईल म्हणालाय. काल संध्याकाळीही आला नाही मेला. पण मासा चांगला आहे, जावई." मग ती थांबली. "चांगला आहे ना? बघा ना खाऊन."

तिने बशी थेट त्याच्या हातात दिली.

"जरा थांबू," मिस्तरी म्हणाला. "आमची माणसं मागे आहेत."

"गार होईल की!" साहेब म्हणाले. "पोटात कावळे ओरडतायत. त्यांचं त्यांना मिळेल. तुम्ही घंटी वाजवा बघू." त्यांच्या बायकोने बशी घेतलीच. उरलेल्या मैत्रिणीने फोन सरसावला. मावशीने कागदाच्या बशा भराभर भरल्या आणि तरुण मुलीच्या हातात सगळ्यात मोठा तुकडा ठेवला.

मिस्तरीने गल्लीच्या तोंडाकडे बघितलं. मेहुणीचा पत्ता नव्हता. सगळे त्याच्या तोंडाकडे बघत होते. त्याने घास घेतला.

गरम होतं, एवढं कळलं. वर कुरकुरीत, आत मऊ. तिखट असावं, कारण ओठ चुरचुरले. बाकी काही नाही. त्याने चावलं, आणखी चावलं. इतका वेळ चावूनही कागद चावल्यासारखंच. गिळला. आता घंटी वाजवायची होती. अंगठा घंटीवर गेला.

वाजवली नाही, तर का नाही हे सांगावं लागेल. वाजवली, तर त्या मुलीच्या हातातला तुकडा तोंडात जाईल.

त्याने मावशीकडे बघितलं. स्वतःच्या मालाची ग्वाही देणारा माणूस गिऱ्हाइकाच्या डोळ्यांत बघतो. मावशी त्याच्या ओठांकडे बघत होती. निकाल ऐकायला आलेल्या पोरासारखी.

"कसा आहे, जावई?" ती म्हणाली. "सांगा ना."

हेच ती त्याच्या बायकोला विचारायची, दर खेपेला. मागे पाने घेऊन उभ्या असलेल्या मिस्तरीला वाटायचं, म्हातारीला कौतुक ऐकायची हौस.

"काहीतरी जळतंय," तरुण मुलगी नाक मुरडून म्हणाली.

"हो, चांगलंच करपलंय," साहेबांनी री ओढली.

मावशीने वळून बघितलं. मिस्तरीनेही तेव्हाच बघितलं. कढईत विसरलेला एक तुकडा पार कोळसा झाला होता आणि काळा धूर थेट मावशीच्या तोंडावर येत होता. ती त्या धुरात उभी होती. कढईपासून हातभर अंतरावर. आणि करपल्याचं तिला परक्या मुलीने सांगितलं होतं.

 मावशीलाही वास येत नव्हता. आजपासून नाही, कितीतरी दिवसांपासून. ती त्याच्या जिभेवर विसंबली होती आणि तो तिच्या नाकावर. आंधळ्याने आंधळ्याचा हात धरला होता आणि मागे ही सगळी माणसं तोंड उघडून उभी होती.

"बरं, आता खायचं ना?" म्हणत मुलीने तुकडा ओठाला लावला.

"थांबा!"

ती थांबली नसती. मिस्तरीने पुढे होऊन तिच्या हातावर फटका मारला. मासा जमिनीवर पडला. नवऱ्याने मिस्तरीची कॉलर धरली.

"डोकं फिरलं का तुमचं? बाईमाणसावर हात टाकता?"

"कुणी खाऊ नका. बशा खाली ठेवा. साहेब, ठेवा!"

साहेबांचा घास हातातच राहिला. गल्लीतले दोघं-तिघं जवळ आले. मावशी कढईपाशी पांढरीफटक पडली होती, झारा हातात तसाच. तेवढ्यात मेहुणी धापा टाकत आली. सायकल भिंतीला टेकवायलाही थांबली नाही. पडलेला मासा उचलून तिने नाकाशी नेला आणि लगेच लांब धरला.

"भाऊजी," ती म्हणाली, "तुम्ही खाल्लात?"

तिच्या चेहऱ्यावरून सगळ्यांना कळलं. साहेबांच्या बायकोने बशी अशी ठेवली, जणू तीत विंचू होता. मसाला एवढा होता, की गरम असताना तिलाही वास कळला नव्हता.

"म्हणजे हिने आम्हाला सडका मासा घातला?" नवरा मावशीकडे वळला. "मी आत्ता तक्रार करतो. ही गाडीच उचलायला लावतो."

मावशीने झारा खाली ठेवला. ती मिस्तरीकडे बघत होती.

"तिचा दोष नाही," मिस्तरी म्हणाला. "ती मला विचारत होती. आधी चाखून सांगायचं काम माझं. मला चव लागत नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे जीभ गेलीये. वासही येत नाही. तापानंतर. सकाळपासून मी तुम्हाला बायकोची वाक्यं म्हणून दाखवतोय. कणीस गोड होतं का नाही, मला माहीत नाही. तक्रार करायची तर माझी करा."

कॉलरवरचा हात सैल झाला.  मग साहेब घसा खाकरून म्हणाले, "तरीच तो समुद्र!" ह्या वेळी कुणी हसलं नाही.

मुलगी नवऱ्याला म्हणाली, "मी खाल्लं नाही ना? मग चल." दोघं सायकली तिथेच ठेवून रिक्षाने गेले. बाकीच्यांना मेहुणीने पुढच्या गाड्यांवर नेलं. स्वतः हुंगून, स्वतः चाखून. मिस्तरी शेवटी चालला. वाटेत दोनदा पोट धरून उतरला. रात्री तापही आला, सकाळी उतरला.

कंपनीतल्या बाईंनी फोनवर बरंच सुनावलं. शेवटी म्हणाल्या, मेहुणी पुढे राहणार असेल तर आणखी एक रविवार बघू. फक्त एक.

उठून बसता आलं तेव्हा मिस्तरी मावशीकडे गेला. गाडी झाकलेली होती. ती पायरीवर बसली होती.

"कधीपासून?" त्याने विचारलं.

"धुरात आयुष्य गेलं, जावई. हळूहळू गेलं. तिला एकटीला कळलं होतं. कुणाला सांगू नकोस म्हटलं, नाही सांगितलं पोरीने. तुम्हालाही नाही."

"रविवारी ती चाखायची. बाकीच्या दिवशी?"

मावशीने चमकून वर बघितलं. "रोज यायची की. उजाडता उजाडता. पेटीतला मासा हुंगायची, वाईट असेल तो बाजूला काढायची आणि जायची. तुम्हाला ठाऊक नव्हतं?"

नव्हतं. बायको रोज पहाटे सायकल काढायची. "चाकातली हवा बघून येते," म्हणायची. चाकं त्याच्याच दुकानात भरलेली असायची, तरी त्याने कधी विचारलं नाही. त्याला वाटायचं, तिला तेवढाच मोकळा वारा लागतो.

"ती गेल्यापासून मी अंदाजाने विकत होते," मावशी म्हणाली. "रोज देवाचं नाव घेऊन. आता नाही विकत."

मिस्तरी घरी आला. मेहुणीला विचारलं. तिला पहाटे दूधकेंद्रावर कामाला जावं लागतं. तो स्वतः जाऊन उपयोग नाही.

मावशीची गाडी अजून झाकलेलीच आहे. रोज सकाळी तिचा मासा कोण बघणार, ते अजून ठरायचं आहे.