नोनाची शीळ

सेराम बेटावर काकाकुवे मोप होते, तेव्हा म्हातारा मेल्कियानस, सगळ्यांचा 'तेते' म्हणजे आजोबा, त्यांना पकडायचा. त्याची एक पाळलेली मादी होती, नोना. पायाला दोरी बांधून तिला झाडावर बसवलं, की तिच्या ओरडण्यानं रानातले थवे उतरत आणि फांद्यांना लावलेल्या फणसाच्या चिकात अडकत. संध्याकाळी दोरी सोडून तो शीळ घाली. एक लांब, दोन आखूड. नोना खांद्यावर येऊन बसे.

पुढे थवेच संपले. मेल्कियानसनं चीक टाकला आणि डोंगरावरच्या पक्षीकेंद्रात राखणदार झाला. नोनालाही तिथेच दिलं, रानात सोडायला.

सोडण्याआधी केंद्रातल्या सुसानाबाईंनी विचारलं, "तेते, माणसाच्या हाकेला येते का ही?"

"छे! माझी बायको कधी आली नाही, ही कसली येते!"

बाई हसल्या आणि कागदावर 'नाही' लिहिलं. हाकेला येणारा पक्षी सोडत नाहीत, हे त्याला ठाऊक होतं. बारा वर्षं दोरीत काढलेल्या जिवाला मोकळं आभाळ मिळावं, म्हणून तो खोटं बोलला.

नोना उडाली. महिनाभर तो तिला खालून बघत होता. शीळ ओठांवर यायची, तो गिळून टाकायचा.

मग एका सकाळी शेजारचा ओबेत दारात आला. हातात प्लास्टिकची कापलेली बाटली, तिच्यात पक्षी कोंबलेला. नुसतं डोकं बाहेर.

"तेते, चीक नाही, जाळं नाही! शीळ घातली, तर बया आपणहून खांद्यावर येऊन बसली. पिसं छाटताना हूं की चूं केलं नाही!"

मेल्कियानसनं ओळखलं. नोनानंही. तुरा उभारून तिनं मान त्याच्याकडे लांबवली.

"शीळ कुणी शिकवली तुला?"

"हे बरंय! तुम्हीच की. गावात कुणाला शिकवायची बाकी ठेवलीत?"

मेल्कियानसनं बाटली हिसकावून घेतली आणि डोंगर चढला.

सुसानाबाईंनी पंख तपासले. "पिसं येतील परत. पण तेते, खरं सांगा. हाकेला येते?"

मेल्कियानसनं छाटलेल्या पिसांवरून बोट फिरवलं.

"येते," म्हणाला.

बाईंनी काही लिहिलं नाही. मोठ्या पिंजऱ्याकडे बोट दाखवलं, आणि नोनाला आत सोडून मेल्कियानसनं स्वतःच्या हातानं कडी लावली.

संध्याकाळी तो घराकडे वळला, तेव्हा मागून शीळ आली. एक लांब, दोन आखूड. त्याची ऐकून ऐकून ती नोनालाही येत होती.

म्हातारा परत फिरला आणि पिंजऱ्याला खांदा टेकून खाली बसला.